पटावरची वर्गवारी आणि जन्मावरची वर्गवारी
(अमेरिकेतील इंडियाना राज्याच्या शालेय क्रीडासंघांचा इतिहास)

आपल्या शाळेचा कबड्डीचा वा खो-खोचा संघ तालुक्याच्या स्पर्धेस निघाला की कोणी ना कोणी विद्यार्थी आम्हांला एक प्रश्न विचारतोच. “सर, त्यांच्या शाळेत हजार मुलं आहेत. आपण त्यांच्याशी कसे खेळणार?” प्रश्न रास्त आहे. महाराष्ट्रातील शालेय क्रीडास्पर्धा तालुका, जिल्हा, विभाग, राज्य अशा पायऱ्यांनी वर जातात; त्यांत चौदा, सतरा आणि एकोणीस वर्षांखालील असे वयोगट असतात, परंतु पटसंख्येचा विचार नसतो. शेकडो मुलांतून सात खेळाडू निवडणारी शाळा आणि मोजक्या मुलांतून सात उभे करणारी निवासी शाळा एकाच रेषेवर उभ्या राहतात. हाच प्रश्न अमेरिकेतील इंडियाना राज्याने जवळजवळ शंभर वर्षे हाताळला. त्याचा इतिहास या स्मरणिकेच्या वाचकांपुढे ठेवावा असे आम्हांस वाटले, कारण त्यात खेळापलीकडचे पुष्कळ आहे.

इंडियानातील माध्यमिक शाळांची राज्य क्रीडासंघटना 1903 मध्ये स्थापन झाली आणि 1911 मध्ये बास्केटबॉलची पहिली राज्य अजिंक्यपद स्पर्धा झाली. या व्यवस्थेचे दोन मजले होते. वरच्या मजल्यावर राज्य स्पर्धा, आणि खालच्या मजल्यावर शाळांनी आपापसांत बांधलेले छोटे क्रीडासंघ. या संघांना तेथे ‘कॉन्फरन्स’ म्हणतात. परस्परांच्या जवळच्या आणि साधारण सारख्या पटसंख्येच्या काही शाळा एकत्र येतात, हंगामाचे वेळापत्रक ठरवतात, आळीपाळीने एकमेकींच्या मैदानावर खेळतात आणि आपला एक चषक ठेवतात. लहान शाळेला याचा मोठा आधार असतो. प्रवास थोडा, खर्च थोडा, प्रतिस्पर्धी आपल्या तोडीचा आणि वर्षभर खेळण्याची हमी. खेड्यापाड्यांच्या त्या राज्यात असे जिल्हावार संघ ठिकठिकाणी होते.

वरच्या मजल्यावर मात्र लहानमोठे सारे एकत्र. राज्य स्पर्धा सर्वांसाठी एकच असे. 1938 मध्ये तीत 787 शाळा उतरल्या होत्या. विनगेट नावाच्या एका चिमुकल्या गावच्या शाळेला स्वतःचे बंदिस्त क्रीडागृह नव्हते. मुले सरावासाठी शेजारच्या गावी जात. त्या शाळेने 1913 आणि 1914 अशी लागोपाठ दोन वर्षे राज्य अजिंक्यपद मिळवले. अशा कथांमुळे ‘आमच्या राज्यात लहानमोठा भेद नाही’ असा अभिमान तेथे रुजला.

तथापि, या अभिमानाला एक कुंपण होते. 1920 च्या दशकात इंडियानात कू क्लक्स क्लॅन या वर्णद्वेषी संघटनेचा जोर शिगेला पोहोचला होता. त्याच काळात इंडियानापोलिस शहरातील कृष्णवर्णीय मुलांसाठी वेगळी माध्यमिक शाळा काढण्याचे ठरले आणि ती 1927 मध्ये सुरू झाली. शाळेला थॉमस जेफरसन यांचे नाव द्यावे असा शाळा मंडळाचा विचार होता. कृष्णवर्णीय नागरिकांनी त्यास विरोध केला आणि 1770 च्या बोस्टन हत्याकांडात प्राण गमावलेल्या क्रिस्पस ॲटक्स यांचे नाव शाळेस मिळवून दिले. विद्यापीठांनी ज्यांना वर्णामुळे नोकरी नाकारली, असे उच्चविद्याविभूषित शिक्षक या शाळेला लाभले. ज्या शाळेकडे कमीपणाने पाहिले गेले, तिच्यात ज्ञानाची कमतरता नव्हती.

परंतु राज्य क्रीडासंघटनेने या शाळेस सदस्यत्व नाकारले. कारण काय? तर ही शाळा सर्वांसाठी खुली नाही, म्हणून ती खऱ्या अर्थाने सार्वजनिक नाही! ज्या व्यवस्थेने मुलांना वेगळे काढले, तिनेच वेगळेपणाचा ठपका मुलांवर ठेवला. गावाबाहेर वस्ती द्यायची आणि ‘हे गावात राहत नाहीत’ म्हणून पाणवठा नाकारायचा, ही रीत आपल्या वाडवडिलांनी अनुभवली आहे. तिचा अर्थ आम्ही वेगळा सांगण्याची गरज नाही. कॅथलिक शाळांनाही तेव्हा प्रवेश नव्हता. ॲटक्सच्या मुलांना सामन्यांसाठी दूरच्या राज्यांतील कृष्णवर्णीय शाळा गाठाव्या लागत.

1942 मध्ये संघटनेने आपले दार उघडले. पण येथे त्या दोन मजल्यांतील फरक ध्यानात घ्यावा. राज्य स्पर्धेतील प्रवेश नियमाने मिळाला. हंगामातील सामने मात्र परस्परांच्या संमतीने ठरत. आपल्याशी कोणी खेळावे, हे कोणताही नियम ठरवू शकत नव्हता. शाळेचे क्रीडागृह अपुरे असल्यामुळे ‘घरचे’ सामनेही परक्या ठिकाणी होत आणि प्रवासात उपाहारगृहांची दारे बंद मिळत. राजकीय लोकशाहीला सामाजिक लोकशाहीचा पाया नसेल तर ती टिकत नाही, असा इशारा बाबासाहेबांनी 25 नोव्हेंबर 1949 रोजी संविधान सभेत दिला होता. तो इशारा किती ठिकाणी लागू पडतो, हे अशा उदाहरणांतून कळते. बाबासाहेबांनी 1946 मध्ये कृष्णवर्णीय विचारवंत डब्ल्यू. ई. बी. डू बॉइस यांच्याशी पत्रव्यवहार केला होता. दोन्ही समाजांच्या प्रश्नांतील साम्य त्यांनी फार पूर्वीच हेरले होते.

1954 साली मायलन या खेड्यातील शाळा अंतिम सामन्यात पोहोचली. शाळेचा पट 161. स्पर्धेत शाळा 751. समोर दहापट मोठी मन्सी सेंट्रल ही शाळा. गुण बरोबरीत असताना बॉबी प्लम्प या खेळाडूने शेवटच्या क्षणी चेंडू टाकला आणि मायलनने 32-30 असा विजय मिळवला. या घटनेवर आधारलेला ‘हूजियर्स’ हा चित्रपट 1986 मध्ये आला आणि ही कथा जगभर गेली. त्याच स्पर्धेत मायलनने ॲटक्सला 65-52 असे हरवले होते, हे मात्र फारसे कोणी सांगत नाही. ॲटक्सच्या त्या संघात ऑस्कर रॉबर्टसन नावाचा एक किशोर होता.

पुढच्याच वर्षी, 1955 मध्ये, प्रशिक्षक रे क्रो यांच्या मार्गदर्शनाखाली ॲटक्सने गॅरी रूझवेल्ट या दुसऱ्या कृष्णवर्णीय शाळेला 97-74 असे हरवून अजिंक्यपद पटकावले. खुल्या राज्य स्पर्धेत कृष्णवर्णीयांच्या शाळेने असा मान मिळवण्याची अमेरिकेतील ही पहिली वेळ होती. विजेत्यांनी शहराच्या मध्यवर्ती स्मारक चौकात आनंदोत्सव करावा, असा तेथील रिवाज. ॲटक्सच्या मुलांना बंबगाडीवरून चौकाला फेरी मारू दिली आणि उत्सवासाठी कृष्णवर्णीय वस्तीतील उद्यानात पाठवण्यात आले. चषक शहराचा झाला, चौक मात्र त्यांचा झाला नाही. ही सल रॉबर्टसन यांनी आयुष्यभर बाळगली. 1956 मध्ये हाच संघ एकही सामना न हरता पुन्हा अजिंक्य ठरला. रॉबर्टसन पुढे 1960 च्या रोम ऑलिंपिकमध्ये सुवर्णपदक विजेत्या संघात होते आणि व्यावसायिक खेळाडूंच्या संघटनेचे नेते म्हणून खेळाडूंच्या हक्कांसाठी न्यायालयातही लढले.

1959 च्या शाळा पुनर्रचना कायद्यानंतर लहान शाळांचे एकत्रीकरण वेगाने झाले. शेकडो गावांच्या शाळा मिटल्या आणि त्यांचे जुने जिल्हावार संघही विरून गेले. 1997 मध्ये राज्य स्पर्धेत 382 शाळा उरल्या होत्या. 1997-98 पासून पटसंख्येनुसार चार गट करण्यात आले. लहान शाळांचा नायक ठरलेल्या प्लम्प यांनीच याला विरोध केला, कारण गट पडले असते तर मायलनची कथा घडलीच नसती. दुसरी बाजू म्हणाली, एका मायलनसाठी शेकडो लहान शाळांनी दरवर्षी हरत राहावे काय? 2017 मध्ये ॲटक्सने याच गटपद्धतीत पुन्हा अजिंक्यपद मिळवले.

या इतिहासातून एक विवेक आपण शिकावा. पटसंख्येवरून केलेला गट हा मोजता येणाऱ्या विषमतेवरचा उपाय असतो. पट वाढला की शाळा वरच्या गटात जाते. जन्मावरून केलेला गट हा मुळातच अन्याय असतो; त्यातून गुणाने बाहेर पडता येत नाही. दोन्हींना ‘वर्गवारी’ म्हणतात म्हणून दोन्ही एकच ठरत नाहीत. विशेष संधीला ‘भेदभाव’ म्हणणाऱ्यांना हा फरक शांतपणे समजावून सांगता आला पाहिजे.

आणि ‘आपण कसे खेळणार?’ असे विचारणाऱ्या विद्यार्थ्याला आम्ही एवढेच सांगू : बाळा, मायलनप्रमाणे खेळ, आणि ॲटक्सप्रमाणे टिकून राहा. मैदानावर आपला पट लहान असेल. पण तुझ्या पाठीशी ही शाळा, इथून गेलेल्या साऱ्या पिढ्या आणि बाबासाहेबांचा वारसा उभा आहे.

जय भीम! नमो बुद्धाय!