शेवेकचा सिद्धान्त आणि प्राविक भाषा

अर्सुला ले ग्विन यांच्या 'द डिस्पझेस्ड' (१९७४) या कादंबरीचा नायक शेवेक हा पदार्थविज्ञानाचा अभ्यासक होय. उरास ग्रहाचा चंद्र जो अनारेस, त्यावरील शासनहीन समाजात तो वाढतो. तेथे खाजगी मालमत्ता नाही. इतकेच नव्हे, तर बुद्धिपुरस्सर घडविलेल्या प्राविक भाषेत स्वामित्वदर्शक सर्वनामे सहसा टाळली जातात. 'हे माझे, ते तुझे' याऐवजी 'हे मी वापरतो, ते तू वापरतोस' असे म्हणावयाचे. लहान मूल प्रथम 'माझी आई' म्हणते, परंतु लवकरच नुसते 'आई' म्हणावयास शिकते.

व्याकरण वृत्ती घडविते, या मताला येथे भक्कम आधार सापडला, असे भाषाभ्यासकास वाटेल. कथानक मात्र उलट साक्ष देते. वरिष्ठ संशोधक साबुल शेवेकच्या ग्रंथावर सहलेखक म्हणून आपले नाव घालतो. त्याकरिता त्याला षष्ठीची गरज भासत नाही. (मराठीतही स्वामित्ववाचक स्वतंत्र क्रियापद नाही, 'असणे' यावरच आपले भागते, म्हणून बांधावरचे तंटे काही कमी झालेले नाहीत.)

पुढे शेवेकचा कालविषयक सिद्धान्त उरासवरील आ-इओ हे राज्य हस्तगत करू पाहते. तेव्हा पृथ्वीची राजदूत केंग हिच्याकरवी तो सिद्धान्त सर्व जगांना एकदमच प्रसृत करण्याची व्यवस्था शेवेक करतो. सिद्धान्त सर्वांचा होतो तो या कृतीने. त्यातूनच 'अ‍ॅन्सिबल' हे तात्काळ संदेशवहनाचे यंत्र शक्य होते. या यंत्राचा उल्लेख लेखिकेच्या १९६६ च्या 'रोकॅनन्स वर्ल्ड' मध्येच आलेला आहे; त्याचा जनक वाचकांसमोर आला तो आठ वर्षांनी.