देवाची जमीन कसताय? आधी कागद जमवा



मागच्या महिन्यात एका गटाच्या बैठकीत एक ताई गप्पच बसून होत्या. विचारलं तर डोळ्यांत पाणी आलं. सासऱ्यांपासून दोन एकर देवाची जमीन त्यांच्या घरात खंडाने आहे. मालक वारले आणि पुजाऱ्यांनी सांगितलं, "पुढच्या हंगामापासून दुसऱ्याला देणार." मी विचारलं, खंडाच्या पावत्या आहेत? ताई म्हणाल्या, "हातातच द्यायचो हो, देवाचं काम म्हणून."

बघा, बचतीचे शंभर रुपये आपण तीन ठिकाणी लिहितो. आणि खंडाचे हजारो रुपये तोंडी देतो!

जमीन कुणाची?
पहिलं काम, तलाठ्याकडून सातबारा काढा. देवस्थान इनाम (वर्ग ३) असेल तर मालक देव असतो, पुजारी नाही. सर्वोच्च न्यायालयाने ६ सप्टेंबर २०२१ च्या मध्य प्रदेशातल्या एका निकालात हेच सांगितलं: पुजारी फक्त व्यवस्था पाहणारा. म्हणून खंड देवस्थानाच्या नावानेच भरा आणि पावती घ्या. 'इतर हक्क' आणि पीक पाहणीत आपलं नाव आहे का, तेही बघा. जुने फेरफारही काढून ठेवा. मालक वारले असतील तर वारस नोंदीचा अर्ज लगेच द्या.

जमीन आपल्या नावावर होईल का?
हा प्रश्न सगळीकडे निघतो. पश्चिम महाराष्ट्र-कोकणातल्या कूळकायद्यात १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन. त्या दिवसापासून कुळांना कसत असलेली जमीन विकत घ्यायचा हक्क मिळाला. पण देवस्थानाने कलम ८८ ब खाली सूट प्रमाणपत्र घेतलं असेल, तर हा हक्क तिथे लागत नाही. त्यामुळे "नावावर करून देतो" म्हणत पैसे मागणाऱ्यापासून सावध राहा. पण सूट आहे म्हणून कुणी रातोरात हाकलू शकत नाही. ताबा घ्यायचा तर कायद्याच्या वाटेनेच.

वाद झाला तर कुठे जायचं?
• आपण कूळ आहोत की नाही, हा वाद असेल तर तहसीलदारांकडे.
• कुणी जबरदस्तीने शेतातून काढलं तर मामलेदार कोर्ट कायद्याखाली तहसीलदारांकडेच अर्ज. मुदत फक्त सहा महिने, हे विसरू नका.
• विश्वस्तांनी परस्पर जमीन विकली किंवा गैरव्यवहार केला तर धर्मादाय आयुक्त कार्यालयात.
• वकील परवडत नाही? महिलेला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही. तालुका कोर्टातल्या विधी सेवा समितीत जा किंवा १५१०० वर फोन करा. दोन्ही बाजू तयार असतील तर लोकअदालतीत तडजोड होते. मात्र तिथला निवाडा अंतिम असतो, त्यावर अपील नाही. म्हणून सही करण्याआधी पूर्ण वाचून घ्या.

गटाने नव्याने जमीन घ्यायची असेल तर
एकट्या पुजाऱ्याशी करार नको. विश्वस्त मंडळाचा ठराव मागा. एक वर्षापेक्षा जास्त मुदतीचा करार नोंदणीकृत हवा. शेतजमीन दहा वर्षांपेक्षा जास्त काळासाठी घ्यायची तर धर्मादाय आयुक्तांची आधी परवानगी लागते, नाहीतर तो करार वैध ठरत नाही.

त्या ताईंचं काय झालं? सातबारावर सासऱ्यांचं नाव निघालं. वारस नोंदीचा अर्ज दिलाय, मोफत वकीलही मिळालाय. निकाल अजून लागायचा आहे. पण या वेळचा खंड त्यांनी मनिऑर्डरने पाठवला आणि पोचपावती गटाच्या पेटीत ठेवली.

पुढच्या बैठकीला येताना सातबारा आणा. सगळ्या मिळून वाचू.

तुमची क्षेत्र समन्वयक