नाकतोड्याचा सूड

मागच्या वेळी आपण इसापाचा उंदीर पाहिला. सिंहाचं जाळं कुरतडून उपयोगी पडला, म्हणून त्याला किंमत आली. आज १९१२चा रशियन मूकपट घेऊ, स्तारेविच यांचा 'कॅमेरामनचा सूड'. पात्रं म्हणजे खरे, मेलेले किडे! त्यांना तारेचे पाय लावून, कणाकणाने हलवत एकेक चित्र टिपलंय.

एका नर्तकीवरून भुंगेरा नाकतोड्याला आडवा करतो आणि विसरून जातो. नाकतोडा निघतो कॅमेरामन. हॉटेलात किल्लीच्या भोकातून तो सगळं टिपतो. पुढे भुंगेरा बायकोसह सिनेमाला जातो, तर पडद्यावर त्याचीच भानगड!

हा नाकतोडा कुणाच्या उपयोगाचा नाही, सज्जन तर नाहीच. तो फक्त पाहतो. ज्याला आपण खिजगणतीत धरत नाही, त्यालाही डोळे असतात, हे भुंगेऱ्याच्या ध्यानातच येत नाही. शेवटी प्रोजेक्टर पेटतो आणि नवरा-बायको दोघंही तुरुंगात.