कोण कोणाकडे पाहतो?

आशयावर आपण तावातावाने भांडतो आणि रूपाचा प्रश्न मात्र कलावाद्यांना आंदण देऊन मोकळे होतो. छायाचित्रांची मालिका असो वा चित्रपट, गोष्ट पुढे सरकताना तिची दृश्यशैली का बदलते? माझ्या मते हा केवळ अभिरुचीचा प्रश्न नाही. कोण कोणाकडे पाहतो आहे, हा त्यातला खरा प्रश्न आहे.

दृश्यशैली म्हणजे काही गूढ वस्तू नव्हे. कॅमेरा माणसापासून किती दूर आहे, त्याच्या डोळ्यांच्या वर आहे की खाली, उजेड कुठून येतो आणि एक चौकट किती वेळ समोर राहते, एवढ्या गोष्टींतून ती घडते. सुधारक ओलवे यांनी मुंबईच्या सफाई कामगारांची छायाचित्रमालिका कृष्णधवल ठेवली. रंग गेला की कचऱ्याचा भडकपणा जातो आणि नजर माणसावर येऊन थांबते. तिथे एकच शैली टिकवणे हीच भूमिका आहे. शैली बदलणे ही भूमिका कशी होते, हे मात्र आमच्या सोलापूर जिल्ह्यातल्या करमाळा तालुक्याचे नागराज मंजुळे यांच्या दोन चित्रपटांत पाहावे.

‘फँड्री’ (2013) मध्ये कैकाडी समाजातला जब्या काळ्या चिमणीमागे माळावर हिंडतो. कॅमेरा त्याच्या सोबतीने हिंडतो. आपण त्याच्या डोळ्यांनी पाहतो. पुढे डुकरे धरायची वेळ येते तेव्हा गाव बघायला जमते. आता जब्या पाहणारा उरत नाही, तो पाहिला जातो. तो लपतो, आणि आपण बघ्यांच्या रांगेत जाऊन उभे राहतो. धरलेले डुक्कर शाळेच्या भिंतीवरून नेतात. त्या भिंतीवर बाबासाहेब आणि सावित्रीबाई रंगवलेल्या आहेत. शेवटी जब्याचा दगड थेट कॅमेऱ्यावर येतो. तोवर सुरक्षित असलेली आपली जागा त्या दगडाने हिरावून घेतली जाते.

‘सैराट’ (2016) ची वाट उलटी आहे. पूर्वार्ध बाजारी सिनेमाचा सगळा थाट वापरतो: संथ गती, मोकळे आभाळ, भव्य वाद्यवृंद. त्यामुळे काहींना ते अनुकरण वाटते. मला तसे वाटत नाही. हा थाट ज्यांच्या वाट्याला कधी आला नव्हता, अशा मच्छिमाराच्या पोराला तो इथे हक्काने मिळतो. पाटलाची आर्ची आणि परशा हैदराबादला पळतात तेव्हा गाणी संपतात, चौकटी आखडतात, झोपडी आणि मजुरी उरते. अखेरीस आवाजही जातो, आणि पोराची रक्ताने माखलेली पावले तेवढी दिसतात. पूर्वार्धातले आभाळ पाहिले नसते, तर जातीने नेमके काय मारले ते आपल्याला कळले नसते.

हे मी चळवळीतल्या आणि शाळा-कॉलेजातल्या तरुणांसाठी लिहितो आहे, कारण आज कॅमेरा त्यांच्या खिशात आहे. ते आपल्याच वस्तीची छायाचित्रे काढतात, आणि पुष्कळदा बाहेरून आलेल्याच्याच नजरेने काढतात. सोलापुरात विडी वळणाऱ्या बाया सूप मांडीवर घेऊन जमिनीवर बसतात. उभ्याने फोटो काढला की भांग दिसतो, हात दिसतात, चेहरा दिसत नाही. अशी दहा छायाचित्रे ओळीने लावली तर ती मालिका होत नाही, दारिद्र्याची यादी होते.

पहिले छायाचित्र उभ्याने निघाले तर निघू द्या. पण नंतर खाली बसा, बोला, तिने नजर वर करेपर्यंत थांबा. पाचव्या-सहाव्या छायाचित्रात ती तुमच्याकडे पाहील. शेवटचे छायाचित्र तिच्याच हातात कॅमेरा देऊन तिला काढू द्या. तिला काय दाखवावेसे वाटते, ते तुम्ही आधी ठरवू नका.