हप्ता अठरा हजार, पण घर कितीला?

चांदीपहून विरारकडे घर पाहायला निघालेला माणूस दलालाला किंमत विचारतो, बँकेला हप्ता. एकूण भरणा किती, हे विचारायचे राहून जाते. (व्याजाचे कर्ज घ्यावे की नाही, हा प्रश्न आलिमांचा. इथे फक्त हिशेब.)

२० लाखांचे कर्ज, दर ९ टक्के, मुदत २० वर्षे धरा. हप्ता सुमारे १७,९९५ रुपये. पहिल्या हप्त्यातले १५,००० व्याजातच जातात. दहा वर्षे नेमाने भरूनही १४ लाख २० हजार बाकी! अखेरीस भरलेले असतात ४३ लाख १९ हजार. मुदत १५ वर्षे घेतली तर हप्ता जेमतेम २,३०० ने वाढतो, पण साडेसहा लाखांहून अधिक वाचतात.

खरी मेख बदलत्या दरात आहे. सुरुवातीलाच दर १० टक्के झाला आणि हप्ता तोच राहिला, तर फेड २६ वर्षांवर जाते. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ मध्ये रेपो दर ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला, तेव्हा अनेकांची मुदत अशीच लांबली. हप्ता वाढवायचा की मुदत, हा पर्याय कर्जदाराला द्यावा, असे रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये बजावले. तेव्हा बँकेचे पत्र न वाचता कपाटात टाकू नका.