टाचणी ते तोफ: लष्करी खरेदीचं वर्धा कनेक्शन

सेवाग्राम म्हटलं की बापू कुटी, चरखा आणि सायंप्रार्थना आठवते. पण याच वर्धा जिल्ह्यात, पुलगावला, लष्कराचं मध्यवर्ती दारूगोळा भांडार आहे. सुमारे ७,००० एकरांवर पसरलेलं. कारखान्यातून निघालेला माल इथे साठतो, इथूनच छावण्यांकडे रवाना होतो. त्यामुळे दिल्लीत खरेदीचा नियम बदलला की त्याची बरी-वाईट फळं आपल्या जिल्ह्याच्या पदरात पडतात. त्या नियमांच्या या काही चटपटीत आणि काही जिव्हारी लागणाऱ्या गोष्टी.

उंदीर आणि पेटती वात
राज्याभिषेकाच्या सुमारास शिवाजी महाराजांनी चिपळूणजवळच्या छावणीतल्या अंमलदारांना पाठवलेलं पत्र म्हणजे लष्करी पुरवठ्याची नियमावलीच आहे. पावसाळ्यासाठी साठवलेला दाणा-वैरण आत्ताच उधळलात, तर पुढे घोडी उपाशी मरतील. हवं ते बाजारातून पैसे मोजून आणा, रयतेला तोशीस देऊ नका. आणि रात्री दिवा जळता ठेवू नका, कारण उंदीर पेटती वात ओढून नेईल आणि गवताच्या गंजी पेटतील! खरेदी, साठा आणि आग या तिन्ही गोष्टी महाराजांनी एकाच पत्रात बांधल्या. आजच्या प्रत्येक खरेदी अधिकाऱ्याने हे पत्र टेबलावर ठेवावं, असं मला मनापासून वाटतं.

जीप आल्या, पण…
स्वतंत्र भारतातला पहिला गाजलेला लष्करी खरेदी घोटाळा जीपगाड्यांचा. १९४८ चा सुमारे ८० लाखांचा करार, आल्या फक्त १५५ गाड्या, त्याही धड नव्हत्या.

तीस वर्षांचा उपास
२४ मार्च १९८६ रोजी ४१० बोफोर्स तोफांचा करार झाला आणि दलालीच्या आरोपांनी देश हादरला. त्यानंतर फाइलवर सही करायलाच कुणी धजेना. परदेशी तोफेचा पुढचा मोठा करार, १४५ एम-७७७ तोफांचा, झाला थेट नोव्हेंबर २०१६ मध्ये. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ती हीच. शिक्षा भोगली ती तोफखान्याच्या जवानांनी.

गोव्यात नियम, पुलगावात आग
संरक्षण खरेदीची पहिली लेखी प्रक्रिया १९९२ ची. कारगिलनंतर, २००१ मध्ये, संरक्षण अधिग्रहण परिषद आली. मार्च २०१६ मध्ये गोव्यातल्या संरक्षण प्रदर्शनात मनोहर पर्रीकरांनी नवी प्रक्रिया जाहीर केली. भारतातच आखलेल्या, विकसित केलेल्या आणि बनवलेल्या मालाला तिच्यात अग्रक्रम मिळाला. त्यानंतर दोनच महिन्यांनी, ३१ मेच्या पहाटे, पुलगावच्या भांडारात रणगाडाविरोधी सुरुंगांच्या कोठाराला आग लागली. अधिकारी, जवान आणि अग्निशमन दलाची माणसं त्यात गेली. सदोष सुरुंगांमधून टीएनटी पाझरत असल्याचं कारण पुढे आलं. पर्रीकर त्याच दिवशी पुलगावला पोहोचले. माल देशी असावा हे खरंच, पण तो निर्दोष असणं त्याहून महत्त्वाचं. तपासणीत सुटलेला दोष शेवटी कोठाराच्या दाराशी उभ्या असलेल्या माणसाच्या जिवावर बेततो.

दहा दिवसांचा दारूगोळा
२०१७ च्या कॅग अहवालाने झोप उडवली. दारूगोळ्याच्या १५२ प्रकारांपैकी ६१ प्रकार घनघोर युद्धात दहा दिवसही पुरले नसते. उरीच्या हल्ल्यानंतर तातडीच्या खरेदीचे अधिकार उपप्रमुखांकडे गेले होते, ते का, हे या आकड्यांवरून कळतं.

नागपुरी हातबॉम्ब
१ ऑक्टोबर २०२१ रोजी आयुध निर्माणी मंडळ मोडून सात सरकारी कंपन्या झाल्या. त्यातल्या यंत्र इंडियाचं मुख्यालय नागपुरात, म्युनिशन्स इंडियाचं पुण्यात. त्याआधी, ऑगस्टमध्येच, नागपूरच्या इकॉनॉमिक एक्सप्लोसिव्हजने नव्या हातबॉम्बची पहिली खेप लष्कराला दिली होती. १० लाख नगांची मागणी आणि करार सुमारे ४०९ कोटींचा, म्हणजे एक नग चार हजारांच्या आसपास! बाहेरचं कवच चढवलं की बचावासाठी, काढलं की चढाईसाठी. याच्या आधीचा हातबॉम्ब पहिल्या महायुद्धाच्या काळातल्या बनावटीचा होता.

सेवाही विकतच घ्याव्या लागतात
१ नोव्हेंबर २०२५ पासून संरक्षण खरेदीची नवी नियमपुस्तिका लागू झाली. सुटे भाग, दुरुस्ती, सेवा अशी वर्षाला सुमारे एक लाख कोटींची रोजची खरेदी तिच्या कक्षेत येते. खुली निविदा काढण्याआधी जुन्या आयुध मंडळाची 'हरकत नाही' चिठ्ठी आणण्याची अटही गेली, हे उत्तमच झालं.

पण सेवा म्हटलं की मला देवळी तालुक्यातलं सोनेगाव आठवतं. २० नोव्हेंबर २०१८ रोजी तिथे जुना दारूगोळा निकामी करताना स्फोट झाला आणि सहा जणांचा जीव गेला. पेट्या उचलणाऱ्यांत आसपासच्या गावांतले कंत्राटी मजूर होते. अशा कामाच्या निविदेत दराच्या रकान्याशेजारी प्रशिक्षण, विमा आणि सुरक्षित अंतर यांचेही रकाने हवेत. ते रिकामे असतील, तर सर्वांत कमी बोली लावणाऱ्यालाही काम देऊ नये.