ढगाचे वय

विज्ञानकथेतले हवामानयंत्र काळाला हात घालते. उद्याचा पाऊस आज पाडते, येणारे वादळ मागे ढकलते. असे यंत्र कुठेच नाही. पण ढगाच्या पोटातला काही मिनिटांचा वेळ कमी करण्याचे काम सोलापुरात झाले आहे. ‘कृत्रिम पाऊस’ हे बातम्यांतले नाव त्या कामाला पुरत नाही, असे मला वाटते.

सोलापूर पर्जन्यछायेत येते. सह्याद्रीवर पाणी उतरवून आलेले वारे इथे पोहोचतात. ऑगस्टात पावसाने ओढ दिली की आमच्याकडे दुपारभर माणसे मान वर करून उभी असतात. ढग चढतात, काळवंडतात, शेतावर सावली धरतात आणि न बरसताच विरतात. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेने २०१८ आणि २०१९च्या पावसाळ्यांत आपल्या ‘कायपीक्स’ प्रयोगासाठी याच आकाशातले ढग निवडले.

ढग का विरतो, हे समजले की पुढचे सगळे समजते. ढगातल्या एका मेघबिंदूची जाडी मिलिमीटरच्या शंभराव्या भागाच्या आसपास असते. मिलिमीटरभर जाडीचा पावसाचा एक थेंब व्हायला असे सुमारे दहा लाख बिंदू एकत्र यावे लागतात. हवेत धूळ-धूर फार असला की वाफ असंख्य कणांत वाटली जाते आणि सगळे बिंदू सारखेच बारीक राहतात. सारख्या आकाराचे बिंदू एकमेकांवर फारसे आदळत नाहीत, हवेबरोबर नुसते तरंगतात. त्यांच्यात थोडे मोठे बिंदू हवेत, म्हणजे ते वेगाने खाली येताना वाटेतल्यांना गोळा करत जातात. ते मोठे बिंदू तयार व्हायला वेळ लागतो, आणि असा एकटा ढग जगतो अर्धा-पाऊण तास. ढगात पाणी असते, पण थेंब होण्याआधीच त्याचे आयुष्य संपते.

म्हणून ढगात क्षार पेरतात. कॅल्शियम क्लोराइडचे कण ओलावा चटकन ओढून घेतात आणि त्यांच्यावर मोठे बिंदू लवकर धरतात. विमानाच्या पंखांना या क्षाराची नळकांडी बसवलेली असतात. कळ दाबली की नळकांडे पेटते आणि धुराची बारीक रेघ मागे सुटते. ती रेघ कुठेही सोडून चालत नाही. वैमानिक ढगाच्या तळाखाली येतो आणि हवा वर चढते आहे ती जागा शोधतो. तिथे सोडलेला धूर ढग स्वतःच आत ओढून घेतो. दुसरे विमान ढगातले पाणी, बिंदूंचे आकार आणि हवेचा वेग मोजते. खाली रडारवर नजर असते.

या कामात सगळ्यात मोठे कसब ढगाचे वय ओळखण्याचे. माथा फुलकोबीसारखा गच्च आणि कडा रेखीव असल्या, की ढग अजून वाढतो आहे. कडा विस्कटू लागल्या की गेला. रडारवर पावसाचे ठळक ठिपके दिसू लागले, तर तो ढग स्वतःच बरसणार आहे, त्याला पेरण्यात अर्थ नाही. ढग वाढू लागल्यापासून यांपैकी काही होईपर्यंत जी थोडी मिनिटे उरतात, तेवढ्यातच काम उरकावे लागते.

आणि मग मला सर्वात आदराची वाटणारी गोष्ट. प्रयोगात निवडलेल्या २७६ ढगांपैकी सगळे पेरले गेले नाहीत. कोणता पेरायचा आणि कोणता तसाच सोडायचा, हे यादृच्छिक पद्धतीने ठरत होते. खाली पावसासाठी आसुसलेली जमीन, वर योग्य ढग, आणि नळकांडे न पेटवता त्याचे फक्त मोजमाप करायचे! हा कठोरपणा नसता, तर पडलेला पाऊस क्षाराचा की ढगाचा, हे कधीच कळले नसते. दुष्काळात लोकांच्या दबावाखाली घाईने विमाने उडवणाऱ्या मोहिमांतून म्हणूनच काही शिकायला मिळत नाही.

सोलापूरचे निष्कर्ष २०२३मध्ये प्रसिद्ध झाले. वाऱ्याच्या दिशेतल्या १०० चौरस किलोमीटर परिसरात सरासरी सुमारे १८ टक्के पाऊस वाढला, काही ठिकाणी सुमारे ४६ टक्क्यांपर्यंत. याच संस्थेने १९७३ ते १९८६ या काळात बारामती परिसरात मीठ पेरून अकरा पावसाळे प्रयोग केले होते. तेव्हा वाढ सुमारे २४ टक्के आढळली होती. त्या मंडळींची चिकाटी आपण विसरलो, याची मला खंत आहे.

यातून निरभ्र आकाशात पाऊस पडत नाही. पेरण्याजोगा ढग आधी यावा लागतो, आणि कोरड्या वर्षी नेमके तेच ढग कमी येतात. २०२४मध्ये मंजूर झालेल्या ‘मिशन मौसम’ या केंद्र सरकारच्या मोहिमेतून आता पुण्यात मेघकक्ष उभा राहणार आहे. बंद जागेत ढग तयार करून, तापमान आणि ओलावा हवा तसा ठेवून, बिंदूंची वाढ तिथे पुन्हा पुन्हा पाहता येईल. सोलापूरच्या आकाशात एकदा विरलेला ढग दुसऱ्यांदा तपासायला मिळत नव्हता.